पाठमोरी बाई

मुलगी शिकायला परदेशी गेली तेव्हा तिचा कॉम्प्युटर मागे राहिला. साधा नव्हे, खास गेम खेळण्यासाठीचा. एका बाजूला काच, आत रंगीत दिवे, सुरू झाला की मिक्सरसारखा घुमणारा. तो नेणं शक्यच नव्हतं. बॅगा भरता भरता तिने हातात धरून खेळायचं छोटं यंत्रही माझ्याकडे दिलं. "हेही इथेच राहू दे आई. तिकडे अभ्यास करायचाय मला," असं म्हणाली, आणि तोंड असं केलं की जणू दारू सोडते आहे.

मी पन्नाशी ओलांडलेली बाई. हिंजवडीच्या एका कंपनीत प्रशासन विभागात आहे. म्हणजे लोकांच्या खुर्च्या मोडल्या की माझ्याकडे येतात. आम्ही राहतो वाघोलीत. सकाळी कंपनीची बस, संध्याकाळी कंपनीची बस, आणि परतताना नगर रोडला लागलो की बस आहे तिथेच, आपण आहोत तिथेच. या वेळात माझ्याबरोबरच्या बायका झोपतात, मालिका बघतात, भाज्या निवडतात. मीही निवडायचे.

मुलगी गेल्यावर पहिल्या महिन्यात आतल्या तिच्या खोलीत झाडायला गेले की मी खुर्चीवर बसून राहायचे. एका रविवारी तिला व्हिडिओ कॉल केला आणि सहज विचारलं, "तू ती डोंगरातून चालणारी बाई खेळायचीस, ती कशी सुरू करायची?" ती आधी हसली, मग तिने शिकवलं. खेळ अगदी साधा होता. पाठीवर पिशवी घेतलेली एक बाई एका मोठ्या ओसाड मुलखात चालते. घाट चढते, ओढे ओलांडते, पडक्या चौक्यांमध्ये मुक्काम करते. लढाया फार नाहीत. मुख्य काम चालण्याचं. माझे गुडघे पर्वतीच्या पायऱ्यांनाही आता नाही म्हणतात, पण ती बाई चालत राहायची आणि मला बरं वाटायचं.

बसमध्ये खेळता येतं, हेही मुलीनेच सांगितलं. खेळ चालतो घरच्या कॉम्प्युटरवर. त्याचं चित्र नेटवरून हातातल्या यंत्रावर येतं आणि आपण दाबलेलं बटण उलट घरी पोहोचतं. घरचा कॉम्प्युटर झोपलेला असला तरी लांबून उठवता येतो. तिने तिकडून, मी इकडून, असं दोघींनी मिळून ते सगळं बसवलं. मी तिला दोनच प्रश्न विचारले. पहिला, "बाबांना कळेल का?" आणि दुसरा, "घरच्या स्क्रीनवर दिसेल का?"

"स्क्रीन काळी राहील, आवाजही येणार नाही असं करून ठेवलंय," ती म्हणाली. "पण आई, बाबांना कळलं तर काय होईल?"

नवरा काही बोलला नसता, हसला असता. पण मला त्याचं हसणं नको होतं. ऑफिसात लोक मला मॅडम म्हणतात, सोसायटीत भिशी माझ्याकडे असते, आणि ही बाई बसमध्ये बसून खेळते, हे कोणाच्याच कानावर जाऊ नये असं मला वाटायचं. यंत्र मी डब्याच्या पिशवीत ठेवायचे. बसमध्ये खिडकीची जागा धरून वर ओढणी घ्यायचे. एकदा शेजारच्या मुलीने वाकून पाहिलं आणि विचारलं, "मॅम, हे तुमचंय? सो कूल!" मी म्हटलं, "छे, मुलीचं आहे. चालतंय का बघत होते." त्या दिवशी पुढचा सगळा रस्ता मी ते बंद ठेवून मांडीवर धरून बसले. बस जागची हलत नव्हती आणि मला वेळ घालवायला दुसरं काहीच नव्हतं.

सुरुवातीला मी नीट खात्री करून घेतली होती. स्वयंपाकघरातून खेळ चालू केला, खोलीत जाऊन पाहिलं. स्क्रीन काळी होती. माझं समाधान झालं आणि मी तो विषय सोडून दिला.

त्याच वर्षी सासूबाई गेल्या. सासऱ्यांना घरात सगळे अण्णा म्हणतात. ते पेठेत राहायचे, मंडईपासून चालत जाण्यासारखं अंतर. शाळेत भूगोल शिकवून निवृत्त झालेले. एकट्याने राहू नका म्हणून आम्ही त्यांना वाघोलीला आणलं. ते आले, पण रुळले नाहीत. बाराव्या मजल्यावरून खाली बघून म्हणाले, "इथे भाजी घ्यायला उतरायचं म्हणजे प्रवासवर्णन लिहावं लागेल." एका डोळ्याचा मोतीबिंदू काढलेला, दुसऱ्याचा काढायचा होता. दिवसभर आम्ही दोघेही कामावर, त्यामुळे अण्णा एकटेच. घरातलं एक काम त्यांनी आपणहून घेतलं होतं. संध्याकाळी डास आत येण्याआधी सगळ्या खोल्यांच्या खिडक्या लावायच्या.

एके दिवशी मी घरी आले तर नवरा बाल्कनीच्या दाराशी माझी वाट बघत उभा होता. आमच्या घरात चोरून बोलायची हीच एक जागा. म्हणाला, "अगं, अण्णांना आतल्या खोलीत बाई दिसते."

"कसली बाई?"

"पाठमोरी. चालत जाते म्हणतात. वळून बघत नाही." त्याने दार ओढून घेतलं. "आईच असणार गं. आणखी कोण?"

मलाही तसंच वाटलं. सासूबाई जाऊन थोडेच महिने झाले होते, माणूस नवीन जागी आलेला, दिवसभर एकटा. या वयात असं होतं, असं आम्ही दोघांनीही कोणाकोणाबद्दल ऐकलेलं होतं. माझ्या खेळातली बाईही पाठमोरीच चालते, कारण खेळणारा तिच्या मागून बघत असतो. हे त्या क्षणी माझ्या डोक्यात आलंच नाही असं मी म्हणणार नाही. मनात पाल चुकचुकली. पण स्क्रीन काळी असते हे मी डोळ्यांनी पाहिलं होतं. आणि पुन्हा तपासायचं तर कोणीतरी बघितलं असतं, विचारलं असतं. मी नवऱ्याचा हात धरला आणि म्हटलं, "डॉक्टरांना दाखवू या."

नंतर कळलं ते असं. अण्णांनी मुलाला नीट सांगितलं होतं की कॉम्प्युटरवर बाई दिसते. मुलाने खोलीत जाऊन पाहिलं तेव्हा कॉम्प्युटर बंद होता, कारण तोवर मी बसमधून उतरून खेळ मिटवलेला होता. मग त्याने मनातल्या मनात कॉम्प्युटर वगळला आणि आई धरली. माझ्यापर्यंत फक्त बाई पोहोचली. आणि मी अण्णांना, जे माझ्यासमोर बसून चहा पीत होते, एकदाही विचारलं नाही की अण्णा, तुम्हाला नेमकं काय दिसतं?

विचारलं नाही, पण वागणं मात्र बदललं. मी त्यांच्याशी हळू आणि मोठ्याने बोलायला लागले. गॅसच्या शेगडीची बटणं काढून कपाटात ठेवली. मंडईत एकट्याने जायचं नाही, असं नवऱ्याने सांगितलं. तोवर ते आठवड्यातून एकदा बस बदलून जाऊन यायचे. समोरच्या वहिनींना दुपारी येऊन बसायला सांगितलं. त्या यायच्या आणि अण्णांसमोर मोबाइलवर कीर्तन लावायच्या. एका सकाळी मी त्यांच्या हातात औषधाची गोळी देताना, एका लेखात वाचलं होतं म्हणून, गोड आवाजात विचारलं, "अण्णा, आज वार कोणता?"

त्यांनी चष्म्याच्या वरून माझ्याकडे पाहिलं. "गुरुवार. तुला कॅलेंडर आणून देऊ का?"

मी हसले. नवऱ्याला हे सांगितलंसुद्धा, म्हणजे अण्णांची विनोदबुद्धी अजून शाबूत आहे, या अर्थाने. शाबूत! भांड्याबद्दल बोलावं तसं.

डॉक्टर बाई मोठ्या समजूतदार होत्या. त्यांनी अण्णांना घड्याळ काढायला सांगितलं, काही शब्द लक्षात ठेवायला सांगितले. अण्णांनी सगळं केलं. मग त्यांनी विचारलं, "घरात कोणी दिसतं का तुम्हाला?" अण्णा बोलायला लागणार तेवढ्यात नवरा म्हणाला, "आमची आई दिसते त्यांना." अण्णांनी त्याच्याकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मुलाच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. मग ते डॉक्टरांकडे वळून म्हणाले, "तो म्हणतो तर असेल."

सौम्य औषध मिळालं. त्याने अण्णांना झोप यायला लागली. दुपारी झोपायचे, संध्याकाळी डोळे जड असायचे. बोलणं कमी झालं. टोमणे कमी झाले. आम्ही एकमेकांना म्हणायचो की गुण येतोय. आतल्या खोलीला कुलूप लावलं आणि किल्ली स्वयंपाकघरातल्या खिळ्याला अडकवली. नणंदेला, दिराला फोन करून सगळं कळवलं. आणि रोज संध्याकाळी मी नगर रोडवर थांबलेल्या बसमध्ये, ओढणीखाली, माझ्या बाईला डोंगर चढवत होते.

तो रविवार होता. दुपारची जेवणं होऊन नवरा हॉलमध्ये आडवा झाला होता. अण्णा त्यांच्या खोलीत. मी वाळवण बघून येते म्हणून गच्चीवर गेले. वाळवण होतं, पण ते बघायला एवढा वेळ लागत नाही. पाण्याच्या टाकीच्या सावलीत बसून मी यंत्र काढलं. बाई एका पुलापाशी उभी होती. तेवढ्यात फोन वाजला. अण्णांचा.

"सूनबाई, कुठे आहेस?"

"गच्चीवर. काय झालं? बरं वाटत नाहीये का?"

"मला बरं आहे. मी आतल्या खोलीत आहे. किल्ली काढून घेतली, ते नंतर रागावशील. ती आत्ता इथे आहे. कोणीतरी येऊन बघितलं तर बरं होईल."

"ह्यांना उठवा ना."

"त्याला उठवलं तर तो गोळी देईल."

मी खेळ थांबवायला अंगठा हलवला होता. तो तसाच राहिला. मी विचारलं, "ती काय करते आहे, अण्णा?"

"उभी आहे. समोर पूल आहे. दोरांचा."

इतक्या दिवसांत पहिल्यांदा त्यांना हा प्रश्न विचारला गेला होता, आणि त्यांनी शाळेत नकाशा दाखवावा तसं उत्तर दिलं.

मी अंगठ्याने बाईला थोडं पुढे नेलं. "आता?"

"पुलावर चढली."

मी तिला थांबवलं. खेळात एक युक्ती असते, बाई तिथेच उभी ठेवून आपल्याला तिच्याभोवती फिरून बघता येतं. मी ते कधी फारसं करत नसे. आता केलं. डोंगर फिरले, पूल फिरला, आणि तिचा थकलेला चेहरा समोर आला.

पलीकडून अण्णा अगदी हळू म्हणाले, "आता तोंड इकडे केलं तिने."

हातात एक बटण होतं. ते दाबलं असतं तर खाली स्क्रीन काळी झाली असती, नवरा उठून आला असता, आणि अण्णा एका बंद कॉम्प्युटरसमोर उभे राहून पूल, दोर, बाई असं काहीतरी सांगत राहिले असते. माझं कोणाला काही कळलं नसतं. असा विचार मनात आला आणि गेला. तो आला, हेच मला आजही सहन होत नाही.

"अण्णा, तिथेच थांबा," मी म्हटलं. "मी येते."

लिफ्टमध्ये वहिनी भेटल्या. त्यांनी माझ्या हातातल्या चमकणाऱ्या यंत्राकडे पाहिलं, मी लपवलं नाही. घरात शिरले, नवऱ्याला हलवून उठवलं, म्हटलं, "अहो, चला आत." तो घाबरून उठला. आतल्या खोलीत अण्णा खुर्चीच्या पाठीला धरून उभे होते. स्क्रीनवर बाई आमच्याकडे तोंड करून उभी होती, तिची वेणी वाऱ्याने हलत होती.

नवरा म्हणाला, "हे कोणी लावलं?"

"मी," मी म्हटलं, आणि हात पुढे करून यंत्र दाखवलं. त्यावरही तीच बाई. मी अंगठा हलवला. दोन्हीकडे ती एकदम वळली आणि चालायला लागली.

मला वाटलं होतं की नवरा हसेल. इतके महिने ज्या हसण्याची मी धास्ती घेतली होती, ते आलं असतं तर मी त्याचे उपकार मानले असते. तो खाटेवर बसला आणि दोन्ही हातांनी तोंड झाकून म्हणाला, "अगं, गोळ्या चालू आहेत त्यांच्या."

अण्णा स्क्रीनकडे बघत होते. म्हणाले, "म्हणजे ती तू होतीस."

"हो."

"मी हिच्या मागे रोज डोंगर चढतोय. सांगायचंस तरी. पायात काही घालून आलो असतो."

आणि ते बाहेर निघून गेले.

संध्याकाळी मुलीला फोन केला. मी रडत होते, ती घाबरली. मग तिने तिकडून बघून सांगितलं की मध्ये कधीतरी कॉम्प्युटर आपोआप अपडेट झाला आणि तिने केलेली ती सोय त्यात पुसली गेली. ती म्हणाली, "आई, सॉरी, माझी चूक आहे." मी तिला म्हटलं की चूक तुझी नाही, आणि ते खरंही होतं. कॉम्प्युटरचं काय, तो आपला चालू झाला आणि त्याने जे होतं ते दाखवलं.

डॉक्टरांकडे आम्ही तिघे गेलो. मी सगळं सांगितलं. डॉक्टर बाई आधी चकित झाल्या, मग त्यांना हसू आवरेना, मग त्यांनी माफी मागितली. औषध कमी करत करत बंद करायचं ठरलं. निघताना त्या अण्णांना म्हणाल्या, "आजोबा, तुम्ही तेव्हाच का नाही सांगितलंत की कॉम्प्युटरवर दिसतं?"

"सांगणार होतो," अण्णा म्हणाले. "पण घरच्यांनी माझं उत्तर आधीच पाठ केलं होतं."

नवऱ्याने मान खाली घातली. माझी तर आधीपासूनच खाली होती.

मग फोन करणं आलं. ज्यांना ज्यांना अण्णांचं कळवलं होतं, त्या सगळ्यांना. नवरा म्हणाला, मी करतो. मी म्हटलं नको, ते माझं काम आहे. नणंद एवढंच म्हणाली, "वहिनी, मी रोज देवापुढे बसत होते गं." दीर खदाखदा हसला आणि त्याने आपल्या बायकोला हाक मारून मला पुन्हा पहिल्यापासून सांगायला लावलं. मी पुन्हा सांगितलं. वहिनींना जिन्यात गाठून सांगितलं. त्या म्हणाल्या, "म्हणजे आमचं कीर्तन फुकटच गेलं की." सोसायटीभर व्हायला एक आठवडा पुरला. भिशीच्या दिवशी बायका माझ्याकडे बघून गालातल्या गालात हसत होत्या. हे सगळं मला सोसलं. ज्याला मी इतके दिवस लाज समजत होते ती अंगावरून पाण्यासारखी निघून गेली. ती खरी लाज नव्हतीच.

खरी लाज रोज समोर बसून जेवत होती. शेगडीची बटणं मी परत लावली तेव्हा अण्णा बघत होते. त्यांनी उठून स्वतःचा चहा स्वतः केला आणि एकच कप केला. एरवी ते माझ्यासाठीही करायचे. मी एकदा धीर करून त्यांच्या खोलीत गेले, पायाशी बसले, म्हटलं, "अण्णा, माझं चुकलं."

"काय चुकलं? खेळत होतीस, ते? खेळावं माणसाने. तुझी सासू पत्त्यांत अट्टल होती."

"ते नाही. तुम्हाला..." मला शब्द सापडेना.

"वेड्यात काढलं," त्यांनी शब्द दिला. "हं. ते चुकलं." आणि वर्तमानपत्राचं पान उलटलं.

मग दिवस गेले. ते पुन्हा मंडईत जायला लागले. जाताना कोणाला विचारत नाहीत, नुसतं सांगतात. दुसऱ्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. मीही काही महिने यंत्राला हात लावला नाही. मग एकदा बसमध्ये काढलं, ओढणी न घेता. शेजारची तीच मुलगी बघायला लागली तेव्हा म्हटलं, "माझंच आहे." ती म्हणाली, "माहितीये मॅम."

त्या काळात एका संध्याकाळी मी लवकर आले होते. अण्णा खिडक्या लावत होते. आतल्या खोलीची खिडकी लावून ते तिथेच खुर्चीवर टेकले. मी दारात उभी होते. त्यांचा मूड बरा दिसला म्हणून मी विचारलं, "अण्णा, तुम्हाला तेव्हा भीती वाटली का हो? रिकाम्या खोलीत आपोआप सगळं सुरू व्हायचं तेव्हा?"

"छे," ते म्हणाले. "भीती कसली? कॉम्प्युटर आहे, चालू होत असेल. मला तर बघायला आवडायचं. डोंगर बरे काढलेत त्यांनी. नद्या मात्र कुठूनही कुठेही जातात." मग म्हणाले, "भीती वाटली ती डॉक्टरांकडे. तुम्ही दोघं इतक्या मायेने बोलत होता ना, मला वाटलं, खरंच ती नसेल. मग त्यानंतर खोलीला कुलूप लागलं. बाहेरून कानावर आवाज यायचा तिच्या चालण्याचा. मी हॉलमध्ये बसून स्वतःला सांगायचो, अण्णा, आवाज येत नाहीये."

मी नुसती उभी राहिले. ते उठले, माझ्याजवळून बाहेर गेले, आणि जाता जाता दिव्याचं बटण दाबून गेले, कारण खोलीत अंधार पडत चालला होता आणि मी अजून तिथेच होते.